कूलर बंद करा

आमच्या पहिल्या मालिकेचं नाव होतं 'धोटा'.
तेरा भाग. गोळीबार चौकातलं एक घर, एक माग,
आणि मे महिना, कारण कॅमेरा तेव्हाच मोकळा होता.
लेखक मी, निर्माता मी,
जेवणाचे डबे मोजणारा मी,
टेकच्या आधी ओरडणाराही मीच: कूलर बंद करा!

कूलर थांबला की घर उकळायचं.
गिरिजा निनावेच्या कपाळावरचं कुंकू
ओळ संपेपर्यंत भुवईशी यायचं.
ती ओळ सोडायची नाही.
नटी नव्हती ती. सकाळी कांड्या भरायची,
दुपारी आम्हाला बोलून द्यायची,
तिच्या बोलीत, जी माझ्या आईचीही होती
आणि जिला टीव्हीवर बसायला
तोवर कुणी पाट दिला नव्हता.

मग मुंबई.
करिअर म्हणतात तसं सगळं झालं.
अकराशे बारा भाग, दोन चॅनेल, एक फ्लॅट,
एक ट्रॉफी, आडनावातला काना चुकलेली.
सोमवारी लग्न मोडायचं, गुरुवारी सासू जिन्यावरून घसरायची.
टीआरपी उतरला की एखाद्याला कोमात ठेवायचं,
चढला की उठवायचं.
मी पुष्कळ माणसं मारली. त्याचं काही वाटत नाही.

वाटतं ते हे:
चॅनेलच्या बाई म्हणाल्या, किचनमध्ये थोडी कॉमेडी हवी.
मी एका रात्रीत मोलकरीण लिहिली
आणि तिच्या तोंडी आईचं बोलणं घातलं.
काऊन जी. होय ना बाप्पा.
प्रत्येक वाक्यामागे टुंईं असा आवाज.
लोक हसले.
आईचा फोन आला. पाहिलं, म्हणाली. छान चाललं आहे तुझं.
शुद्ध बोलली.
माझ्याशी, पहिल्यांदा.

गेल्या उन्हाळ्यात केंद्रावर गेलो, 'धोटा' मागायला.
सेमिनरी हिल्सचा चढ, पोटात तर्री-पोहे, डोक्याला दुपट्टा.
रजिस्टर निघालं. टेपांचे नंबर होते, माझी सही होती,
शेजारच्या रकान्यात, दुसऱ्या शाईत: पुसून वापरली.
तेराही टेपांवर
'संत्र्यावरील कोळशी रोगाचे व्यवस्थापन'.
टेप महाग होत्या ना सर, लिपिक म्हणाला.
होत्याच.

गोळीबार चौकात घर सापडलं. माग नव्हता.
मागाच्या खड्ड्यावर फरशी, फरशीवर फ्रिज.
गिरिजा चिंचा फोडत बसली होती.
या भाऊ, लय वाळले जी तुमी.
मी टेपांचं सांगितलं.
ती म्हणाली, कोनता भाग पाह्याचा आहे?

ऐकू कमी येत असेल, मला वाटलं.
सातवा, म्हणालो.
ती उठली, हात पदराला पुसले,
आणि कुणी न सांगता
कूलर बंद केला.

नवऱ्याचं बोलली, सासऱ्याचं बोलली,
माग विकत घ्यायला आलेल्या दलालाचं नाकात बोलली.
मधूनच पाटावर हातानं खट, खट.
एका जागी ओळ वेगळी आली.
मी लिहिलं होतं: माग विकला तर मी काय करू?
ती म्हणाली:
माग इकसान जी, पन या हाताले कोन सांगन?

तीस वर्षांत तिच्या तोंडात ती तशी झाली असेल.
किंवा तेव्हाही तिनं असंच म्हटलं असेल
आणि मी घड्याळ पाहत होतो.

आता टिकली आहे, ती जागची हलली नाही.
घाम मात्र हनुवटीपर्यंत आला.
बोलणं संपलं, तरी ती तशीच बसून राहिली,
नजर दाराबाहेर, मी शिकवलं होतं तशी.
बराच वेळ.
मग ओठ फारसे न हलवता म्हणाली,
कट म्हना ना, भाऊ.
कूलर लावाचा आहे.